नाटकवाल्यांच्या घरातील मूल

जालन्याहून एका वाचकभगिनीचे पत्र आले आहे. त्यांचे कुटुंब मोठे आहे. एका चुलीवर चौदा माणसांचा स्वयंपाक होतो, आणि घरातील कर्ते पुरुष कोणी बियाण्यांच्या व्यापारात, कोणी शिक्षणखात्यात, असे आपापल्या उद्योगास लागलेले आहेत. 'जालना सोन्याचा पाळणा' ही त्या गावची म्हण बाई मोठ्या अभिमानाने लिहितात, आणि लगेच पुढच्या ओळीत विचारतात की, ह्या पाळण्यात वाढलेल्या आमच्या पुतण्यास मुंबईस जाऊन दूरचित्रवाणीच्या मालिकांत नट व्हावयाचे आहे, त्यास आम्ही काय उत्तर द्यावे? थोरल्या दिरांचे म्हणणे असे की, ज्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या हा धंदा चालत आला त्यांनी तो खुशाल करावा. त्यांच्या मुलांस पाठबळ असते, ओळखी असतात, आपल्या मुलास काय आहे? सासूबाईंनी तर नट हा शब्द ऐकताच देवघराची वाट धरली. पत्राच्या शेवटी बाई लिहितात, "नटाच्या घरी जन्मलेल्याला खरोखरच सगळे आयते मिळते काय, एवढे तरी आपल्या पानातून सांगावे."

हा प्रश्न केवळ त्यांच्या घरचा नाही. म्हणून त्याचे उत्तर एका खऱ्याखुऱ्या घराण्याच्या आधाराने देण्याचे योजिले आहे. विक्रम गोखले हे नाव ठाऊक नाही असे मराठी घर सापडणे कठीण. ते १९४५ साली पुण्यास जन्मले आणि २६ नोव्हेंबर २०२२ रोजी पुण्यासच निवर्तले. अभिनय करणारी त्यांच्या घराण्यातील ही चौथी पिढी. पणजी दुर्गाबाई कामत, आजी कमलाबाई गोखले, वडील चंद्रकांत गोखले, आणि मग हे स्वतः. थोरल्या दिरांच्या मते ज्यास पाठबळ म्हणतात ते जर कोणास असेल तर ह्या मुलास खचित असावयास पाहिजे. ते पाठबळ कसल्या मोलाने मिळाले होते, ते आता पाहू.

दुर्गाबाई ब्राह्मण घरातील. त्यांचे यजमान मुंबईच्या कलाशाळेत शिक्षक होते. १९०३ च्या सुमारास हा संसार मोडला आणि लहान मुलीसह त्या एकट्या राहिल्या. त्या काळी अशा बाईपुढे मार्ग किती होते, हे घरातील वृद्ध स्त्रियांस विचारावे. कोणाच्या घरी पोळ्या लाटाव्या, किंवा माहेरी भावजयीच्या हाताखाली जन्म काढावा. दुर्गाबाईंनी ह्यांतील काहीच केले नाही. त्या फिरत्या नाटक मंडळीत शिरल्या आणि मुलीस बरोबर घेऊन गावोगाव हिंडल्या. मुलीची शाळा म्हणजे ती मंडळीच. आज एका गावी मुक्काम, महिन्याने दुसऱ्या.

पुढे १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला. त्यात तारामती होण्यास एकही स्त्री मिळेना, म्हणून साळुंके नावाच्या तरुणास साडी नेसवून उभे केले, हे सर्वश्रुत आहे. हा तरुण त्यापूर्वी एका उपाहारगृहात स्वयंपाकाचे काम करी. लगेच पुढच्या 'मोहिनी भस्मासुर' ह्या मूकपटासाठी मात्र दोन स्त्रिया उभ्या राहिल्या, आणि त्या दोघी मायलेकी होत्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या, आणि तेव्हा जेमतेम तेराव्या वर्षात असलेली कमला मोहिनी झाली. भारतीय चित्रपटातील पहिल्या अभिनेत्री म्हणून आज त्यांची नावे आदराने घेतली जातात. त्यांच्या ज्ञातीने मात्र त्या वेळी दुर्गाबाईंस वाळीत टाकले.

येथे थोडे थांबावेसे वाटते. ज्यांनी त्यांस वाळीत टाकले ते कोणी राक्षस नव्हते. ती तुमच्या-आमच्यासारखीच सुशिक्षित, सोवळ्याओवळ्याची, मुलांस इंग्रजी शाळेत घालणारी घरे होती. त्या घरांतील पुरुष नाटकांस हौसेने जात, बालगंधर्वांची पदे गुणगुणत घरी येत, आणि स्त्रीवेषातील पुरुषाच्या शालूची चर्चा ओसरीवर चाले. तोच शालू खऱ्या स्त्रीने नेसून रंगभूमीवर पाऊल टाकले की धर्म बुडत असे. ह्या विसंगतीचा हिशोब आपल्या समाजाने अजून पुरता चुकता केलेला नाही. सासूबाईंच्या मनात नट ह्या शब्दाविषयी जी अढी आहे तिचे मूळही तेथेच आहे, आणि म्हणून त्यांस दोष देण्यापेक्षा दुर्गाबाईंची गोष्ट एकदा वाचून दाखवावी हे बरे.

कमलाबाईंचा जन्म १९०० सालचा. त्यांचे लग्न रघुनाथराव गोखले यांच्याशी झाले आणि चित्ताकर्षक नाटक मंडळीत त्या नायिका म्हणून उभ्या राहिल्या. नायिकेचे काम खरी स्त्री करते, ही त्या काळी मोठी अपूर्वाई होती. पण ऐन पंचविशीत त्यांस वैधव्य आले. पदरी लहान मुले, आणि आधार म्हणावा तो तोंडास लावावयाचा रंग. त्या रडत बसल्या नाहीत. स्त्रीभूमिका केल्या, प्रसंगी पुरुषभूमिकाही केल्या, आणि मुलांस वाढविले. चंद्रकांत नट झाले. लालजी आणि सूर्यकांत हे दोघे तबलावादनात नावाजले. कमलाबाईंस दीर्घायुष्य लाभले. त्यांच्या अखेरच्या काळात रीना मोहन ह्या बाईंनी त्यांच्यावर एक अनुबोधपट केला. मिळाल्यास तो घरच्या लेकी-सुनांनी एकत्र बसून अवश्य पाहावा.

तिसरी पिढी चंद्रकांत गोखले यांची. मिरजेस १९२१ साली जन्म, आणि नववे-दहावे वर्ष होते न होते तोच रंगभूमीवर पदार्पण. परंतु ह्या मुलाच्या नशिबी नाटक मंडळ्यांचा उतरता काळ आला. १९३२ साली 'अयोध्येचा राजा' हा मराठी बोलपट आला आणि मंडळ्यांचे प्रेक्षक त्या बाजूस वळले. पन्नास-साठ माणसांचे बिऱ्हाड, पडदे, पेट्या, आचारी, वाद्ये, हे सारे आगगाडीने गावोगाव हलवावयाचे, आणि तिकिटाचे उत्पन्न मात्र निम्म्यावर! एकामागून एक मंडळ्या बसल्या. चंद्रकांतरावांनी गडकऱ्यांची नाटके केली, मराठी चित्रपट केले, आणि पुढे उतारवयात जयवंत दळवींच्या 'पुरुष' नाटकातही ते उभे राहिले. स्वतः साधेपणाने राहून मिळकतीतील पैसा ते जवानांच्या कल्याणासाठी देत. २००८ साली ते वारले.

आता जालन्याच्या दिरांनी सांगावे की, ह्या घरात आयते ते काय होते? वाळीत टाकलेली पणजी, तरुणपणी विधवा झालेली आजी, आणि बुडत्या धंद्यात सचोटीने उभा राहिलेला बाप. वाडा नाही, इनाम नाही, पेढी नाही. जे होते ते निराळ्या प्रकारचे होते. रंग लावणे म्हणजे चैन नसून रोजचे काम आहे, ही गोष्ट ह्या घरच्या मुलास कोणी सांगावी लागत नाही. आपल्या घरांतील मुलांस नट म्हटला की हारतुरे दिसतात. नटाच्या घरच्या मुलास रात्री दोन वाजता येऊन थंड भात खाणारा बाप दिसतो, आणि इतके दिसूनही तो त्या वाटेस जातो. फरक म्हणावयाचा तर हा एवढाच, पण तो मोठा आहे.

विक्रम गोखले यांच्या स्वतःच्या कामाकडे वळले असता पहिला मान 'बॅरिस्टर'ला द्यावा लागतो. जयवंत दळवींनी आपल्याच 'अंधाराच्या पारंब्या' ह्या कादंबरीवरून हे नाटक रचिले. १९७७ साली विजयाबाई मेहता यांच्या दिग्दर्शनाखाली ते रंगभूमीवर आले. विलायतेहून परतलेला, सुधारणेच्या कल्पनांनी भारलेला एक गृहस्थ जुन्या अंधाऱ्या वाड्यात राहतो. घरात केशवपन झालेली मावशी आहे, आणि घराण्यात वेडाचे सावट आहे. ते सावट आपल्यावर तर पडणार नाही ना, ह्या भयाने त्याचे मन पोखरले जाते. वंशपरंपरेने माणसास काय येते, हाच प्रश्न दळवींनी वेडाच्या रूपाने मांडला आहे. चार पिढ्यांचा अभिनय अंगी घेऊन आलेला नट ती भूमिका करीत होता, ही गोष्ट त्या वेळी किती प्रेक्षकांच्या ध्यानी आली असेल कोण जाणे. सुहास जोशींची राधा, विजयाबाईंची मावशी आणि गोखल्यांचा बॅरिस्टर ज्यांनी पाहिला ते आजही त्याविषयी बोलताना आवाज खाली आणतात.

त्यांच्या अभिनयात वाखाणले गेले ते विराम. वाक्य अर्ध्यावर थांबावे, डोळे एका बिंदूवर खिळावे, आणि प्रेक्षकाने श्वास धरावा. कोणास ही त्यांची लकब वाटे. क्वचित ती लकब झालीही, हे मान्य केले पाहिजे; काही भूमिकांत विराम भूमिकेपेक्षा मोठा होऊन बसे. परंतु घराण्याच्या दृष्टीने पाहू गेल्यास एक गंमत दिसते. आजीने काम केले ते मूकपटात, जेथे शब्दच नव्हता. बाप वाढला तो ध्वनिक्षेपक नसलेल्या नाटकगृहांत, जेथे शेवटच्या बाकापर्यंत आवाज फेकणे हीच पहिली विद्या. नातू आला तेव्हा दूरचित्रवाणीचे यंत्र नटाच्या चेहऱ्यापासून हातभर अंतरावर उभे होते. त्यास शब्दही लागत, पण त्याहून अधिक दोन शब्दांमधली जागा लागे. ती जागा गोखल्यांनी ओळखली.

मुंबईचे दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. आमच्या मराठवाड्यात ते पोहोचावयास पुढे दहा वर्षांहून अधिक काळ जावा लागला. जालना जिल्हाच मुळी १ मे १९८१ रोजी अस्तित्वात आला. त्या दशकात गल्लीतील ज्या एका घरी संच असे तेथे रविवारी चपलांचा ढीग पडे, हे आज चाळिशी-पन्नाशी उलटलेल्यांस आठवत असेल. १९८९ साली आलेली 'उडान' ही हिंदी मालिका अशाच गर्दीत पाहिली गेली. कविता चौधरी यांनी आपल्या भगिनी कांचन चौधरी ह्यांच्या जीवनावरून ती लिहिली, दिग्दर्शित केली आणि तीत प्रमुख काम केले. कांचनबाई पोलीसखात्यात अधिकारी होत्या. पुढे २००४ साली त्या उत्तराखंडच्या पोलीस महासंचालक झाल्या, आणि त्या पदावर पोहोचलेल्या देशातील त्या पहिल्याच स्त्री. मालिकेतील कल्याणीच्या पित्याचे काम विक्रम गोखले यांनी केले होते. जमिनीच्या तंट्यात नागवला गेलेला, परंतु मुलीने शिकून अधिकारपदावर जावे हा हट्ट न सोडणारा तो बाप. त्या काळी मुलगी दहावी होताच स्थळे पाहू लागणाऱ्या कित्येक घरांत हा बाप आठवड्यातून एकदा येऊन बसत असे. त्याचा परिणाम मोजण्याचे माप कोणापाशी नाही. पण दुर्गाबाई कामतांच्या पणतूने ही भूमिका करावी, ह्यात आम्हास एक प्रकारचा न्याय दिसतो.

पुढे खासगी वाहिन्या आल्या आणि मालिका रोजच्या झाल्या. 'या सुखांनो या' मध्ये ते एकत्र कुटुंबाचे कर्ते पुरुष होते. २००८ साली सुरू झालेल्या 'अग्निहोत्र' मध्ये मोरेश्वर अग्निहोत्री होते. श्रीरंग गोडबोले यांनी लिहिलेल्या आणि सतीश राजवाडे यांनी दिग्दर्शित केलेल्या त्या मालिकेत जुना वाडा, दुरावलेले भाऊ आणि आठ गणपती अशी गुंफण होती. आपल्या वाचकांपैकी पुष्कळांनी त्यात आपलेच घर पाहिले असेल. हिंदीतील कामांची यादी लांब आहे, ती येथे देण्याचे कारण नाही. 'हम दिल दे चुके सनम' मधील गायक पंडित दरबार हे १९९९ चे काम मात्र सोडवत नाही. आणि योगायोग असा की, २०२२ साली 'तुझेच मी गीत गात आहे' ह्या मालिकेतही ते पुन्हा संगीतातील गुरू म्हणूनच आले. ते त्यांचे दूरचित्रवाणीवरील अखेरच्या कामांपैकी एक ठरले.

आता पैशाविषयी, कारण दिरांचा खरा प्रश्न तोच असणार. रोजच्या मालिकेत नटास दिवसाच्या हिशोबाने मोल मिळते, आणि तेही बहुधा नव्वद दिवसांनी हाती येते. दिवस म्हणजे बारा तास, पुष्कळदा अधिक. मालिका किती दिवस चालणार हे लेखकही सांगू शकत नाही, कारण ते प्रेक्षकसंख्येच्या आठवड्याच्या आकड्यांवर ठरते. मार्च २०२० मध्ये साथीमुळे चित्रीकरणे थांबली तेव्हा अनेक नटांच्या घरची चूल कशी पेटली हे त्यांनाच ठाऊक. नटाच्या मुलास ह्यातून सूट नाही. ओळखीने पहिले दार उघडते हे खोटे नाही, आम्ही ते नाकारीत नाही. पण दुसरे दार ओळखीने उघडत असते तर आज पडद्यावर नटांची मुलेच दिसली असती, आणि तसे तर दिसत नाही.

पुतण्याने एवढे करावे. मुंबईचे तिकीट काढण्यापूर्वी निदान दोन वर्षे खऱ्या प्रेक्षकांसमोर उभे राहावे. राज्य नाट्य स्पर्धा आहे, छत्रपती संभाजीनगरच्या विद्यापीठात नाट्यशास्त्राचा विभाग आहे, पुणे विद्यापीठात ललित कला केंद्र आहे. पदवी पुरी करावी, ती वाया जात नाही. आणि घरातील मंडळींनी त्यास महिन्याचा ठरावीक खर्च किती दिवस देणार हे आधीच स्पष्ट सांगावे. लाजेकाजेस्तव गप्प राहून पुढे चार माणसांत टोमणे मारणे, ही आपल्या एकत्र कुटुंबांतील जुनी खोड आहे, ती ह्या बाबतीत तरी टाळावी.

नटाचे शरीर हेच त्याचे भांडवल असते, आणि ते केव्हा दगा देईल याचा नेम नसतो. २०१६ च्या आरंभी विक्रम गोखले यांनी घशाच्या विकारामुळे रंगभूमीवरून निवृत्त होत असल्याचे जाहीर केले. त्याच वर्षी १ जानेवारीस 'नटसम्राट' चित्रपट प्रदर्शित झाला होता आणि त्यात रामभाऊ ह्या जुन्या नटाची भूमिका त्यांचीच होती. रंगभूमीवरील आवाज गेलेला नट पडद्यावर नटाचेच काम करीत होता. तत्पूर्वी २०११ साली त्यांस संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला होता, आणि गजेंद्र अहिरे यांच्या 'अनुमती' चित्रपटासाठी साठाव्या राष्ट्रीय पुरस्कारांत उत्कृष्ट अभिनेत्याचा मान इरफान खान यांच्यासमवेत लाभला होता. 'अनुमती' मधील रत्नाकर हा सेवानिवृत्त गृहस्थ. पत्नी बेशुद्धावस्थेत रुग्णालयात आहे, यंत्राच्या आधारे श्वास चालू आहे, खर्च आवाक्याबाहेर गेला आहे, आणि यंत्र काढण्यास अनुमती द्यावी की नाही हा प्रश्न त्याच्यापुढे आहे. त्या एका सहीसाठी तो दारोदार पैसा मागत फिरतो, पण सही करीत नाही. वृद्ध माणसे असलेल्या कोणत्याही घरास हा चित्रपट परका वाटणार नाही.

पडद्यावरचा हा प्रसंग पुढे त्यांच्या स्वतःच्या कुटुंबावर निराळ्या तऱ्हेने आला. नोव्हेंबर २०२२ मध्ये ते पुण्यात रुग्णालयात अत्यवस्थ असता त्यांच्या निधनाची खोटी वार्ता देशभर पसरली. मोठमोठ्यांनी शोक व्यक्त करून टाकला. घरच्या माणसांस, 'ते जिवंत आहेत' असे पुढे येऊन सांगावे लागले. अशा वेळी पत्नीने आणि मुलींनी रुग्णाच्या उशाशी बसावे की बाहेर येऊन जगास उत्तरे द्यावी? बातमी आपल्या हातातील यंत्रावर आली की ती पुढे धाडण्याची जी घाई आपणा सर्वांस असते, तिचा हा प्रताप. त्यानंतर दोन-तीन दिवसांनी ते खरोखर गेले.

त्याच महिन्यात, ११ नोव्हेंबरला, निखिल महाजन यांचा 'गोदावरी' चित्रपट प्रदर्शित झाला होता. नाशकात गोदाकाठी राहणाऱ्या एका कुटुंबाची ती कथा आहे, आणि तीत घरातील आजोबांचे काम गोखल्यांचे होते. तीच गोदावरी नाशकाहून खाली वाहत येऊन जालना जिल्ह्याची दक्षिणेची सीमा होते. तिच्या काठापासून फार दूर नसलेल्या जांब ह्या गावी १६०८ साली समर्थ रामदासांचा जन्म झाला, म्हणून गावाचे नाव जांब समर्थ. तेथील राजकुमार तांगडे यांनी लिहिलेले आणि नंदू माधव यांनी दिग्दर्शित केलेले 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' हे नाटक २०१२ साली रंगभूमीवर आले आणि मुंबई-पुण्याच्या प्रेक्षकांनी त्यास डोक्यावर घेतले. त्यात काम करणारे बहुतेक जण जालना जिल्ह्याच्या खेड्यापाड्यांतील होते, काही तर शेती करून तालमीस येणारे. त्यांच्यापैकी कोणाची पणजी फाळक्यांच्या मूकपटात नव्हती. त्या मंडळीतील कैलास वाघमारे हे पुढे मराठी-हिंदी चित्रपटांतही दिसू लागले. पुतण्यास त्यांचे एखादे काम पाहावयास सांगावे, आणि जमल्यास एकदा जांबेस जाऊन यावे; जालन्याहून ते गाव काही फार लांब नाही.